ती आमच्याकडे कामाला आहे

सांगायला बसतो आणि दुसरंच काही सांगून उठतो — कितीतरी वर्षं माझं असंच चाललं आहे. बायकोला सांगावं म्हणून एकदा अंगणात खुर्ची टाकून बसलो आणि विहिरीवरच्या मोटारीचं बोलून उठलो. शेगावला दर्शनाच्या रांगेत वाटलं, इथं मनातल्या मनात तरी बोलून टाकू. रांग सरकली, समाधी समोर आली, मी हात जोडले आणि मुलीच्या नोकरीचं मागून बाहेर पडलो. म्हणजे देवाजवळही बोललो नाही. तुमच्याजवळ बोलतोय, कारण तुम्ही मला ओळखत नाही आणि माझ्यासमोर बसलेले नाही. इथूनच बघा — सुरुवातच भित्रेपणाची आहे.

मी एका निवासी गृहाचा अधीक्षक आहे. बुलडाणा जिल्ह्यातच, एका रस्त्याकडेला. कुठं ते सांगत नाही. अठरा वर्षं ओलांडलेली मतिमंद माणसं तिथं राहतात. सरकारी कागदावर आता 'बौद्धिक दिव्यांग' लिहायचं असतं. आम्ही आपले 'मुलं' म्हणतो, केस पांढरे झालेल्यालाही. कुणी रेल्वे स्टेशनवर सापडलेलं, कुणी यात्रेच्या गर्दीत हरवलेलं. हरवलेलं म्हणायचं, कारण 'आणून सोडलेलं' असं लिहायची आमच्याकडे रीत नाही.

एक गोष्ट आधी समजून घ्या, नाहीतर पुढचं नीट लागणार नाही. सरकार आम्हाला अनुदान देतं ते माणसामागे. मंजूर संख्या ठरलेली असते, आणि तपासणीला तेवढी माणसं दिसावी लागतात. कमी दिसली की अनुदानाला कात्री. अनुदान कमी झालं की एखादा काळजीवाहक कमी करावा लागतो, आणि तो कमी झाला की ज्याला दुसऱ्यानं आंघोळ घालावी लागते त्याची आंघोळ दिवसाआड होते. हे मी पाहिलेलं आहे. कुणी वारलं, कुणाला दुसरीकडे हलवलं, की जागा रिकामी होते. ती भरायला जिल्ह्याच्या कमिटीचा आदेश लागतो, आणि आदेश कधी येईल ते आदेशालाच माहीत. तोवर खाट रिकामी, आणि रिकाम्या खाटेचा दंड उरलेल्यांनी भरायचा.

आणि हाच माणूस आपल्या घरी, आपल्या आईजवळ राहत असेल तर? तर आईला जवळजवळ काही नाही. एक लहानशी पेन्शन, ती येईल तेव्हा येते. सरकार खाटेला देतं, आईला देत नाही. हे धोरण मी केलेलं नाही — पण त्याच्या फटीत बोट घालून मी काय केलं, ते सांगायला बसलोय.

आमच्याकडे एक पद्धत होती. तपासणीचा दिवस आला की आसपासच्या गावांतून अशी माणसं एका दिवसापुरती आणायची, खाट भरलेली दिसावी म्हणून. आम्ही त्यांना 'पाहुणे' म्हणायचो. जीप पाठवायची, नवा सदरा, जेवणात जिलेबी, आणि दिवस मावळायच्या आत घरी पोचतं करायचं. आयासुद्धा आनंदानं पाठवायच्या. त्या पोरांना एरवी कोण पाहुणं बोलावतं? लग्नाच्या पंगतीतही त्यांना मागच्या दारी वाढतात. तेव्हा हे कुणाला पाप वाटत नव्हतं. मला तर नाहीच. साहेबाला संख्या दिसली, मुलांना भाकर मिळाली, पाहुण्याला जिलेबी — कुणाचं काय गेलं, असा माझा हिशेब.

आमचा ठरलेला पाहुणा होता गजू.

गजू माझ्याच गावचा. देऊळघाटचा. आमच्या गल्लीच्या तोंडाशी त्याच्या बापाची पिठाची चक्की होती. बाप लवकर गेला आणि चक्की सुभद्राकाकूनं, म्हणजे गजूच्या आईनं, चालवली. लहानपणी मी दळण घेऊन जायचो तेव्हा काकू माझ्या डब्यावर मूठभर पीठ जास्तीचं टाकायची, ''जाय बे परभ्या, मायले सांगजो पाखडून देत जाय,'' म्हणायची. प्रभाकर हे नाव शाळेत. काकूसाठी मी शेवटपर्यंत परभ्या — म्हणजे शेवटपर्यंत नाही. ते पुढे येईल.

गजू माझ्यापेक्षा लहान. अंगानं दांडगा, खांदे बैलासारखे, आणि तोंडात चारसहा शब्द. माय. चहा. पीठ. आणि 'हट् बे!' चक्कीवर धान्याचे डबे उचलून जात्याच्या तोंडात ओतणं त्याचं काम. पीठ पडायला लागलं की खाली तळहात धरून बसायचा, गरम पीठ हातावर घ्यायचं आणि गालाला लावायचं. दळणाला आलेल्या बाया त्याला छळायच्या. ''काय रे गजू, तुह्यासाठी पोरगी पाह्यली, मोताळ्याची हाय, करतं का?'' की तो 'हट् बे!' म्हणून पोत्यामागं तोंड लपवायचा आणि पोटभर हसायचा. मग काकू आतून ओरडायची, ''काऊन माह्या लेकराच्या मागं लागता वं? तुमचं दळण आज जाडंभरडं काढतो, थांबा!'' असं ते घर होतं. हे मुद्दाम सांगतोय. तो माणूस काही उघड्यावर पडलेला नव्हता — हे लक्षात ठेवा. मी विसरलो, किंवा विसरल्याचं दाखवलं.

त्या वर्षी आमच्याकडे बऱ्याच खाटा रिकाम्या झाल्या होत्या. आणि त्याच वर्षी वरून मशीन आलं. अंगठ्याचं. बोगस हजेरी बंद व्हावी म्हणून — हेतू चांगलाच होता. आता तपासणीच्या दिवशी नुसतं डोकं दिसून चालणार नव्हतं. ज्याचा अंगठा मशीनमध्ये गेला, तो रोज सकाळी मशीनपुढे उभा पाहिजे.

मी काय करायला हवं होतं? पाहुणे बंद करायला हवे होते. खाटा रिकाम्या आहेत असं लिहायला हवं होतं. संस्थेचे अध्यक्ष म्हणाले, ''प्रभाकरराव, पाहा बुवा काहीतरी.'' एवढंच म्हणाले. ते काहीतरी मीच पाहिलं. गजूला जीपमधून आणलं, नवा सदरा दिला, आणि मशीनपुढे उभं केलं. दळणाच्या डब्यांनी त्याचा अंगठा घासून गुळगुळीत झालेला, मशीन घेईना. साबणानं धुतला, पुसला, पुन्हा धरला. घेईना. शेवटी मी स्वतः त्याचा अंगठा माझ्या दोन बोटांत धरून काचेवर दाबला. हिरवा दिवा लागला. गजूला तो दिवा फार आवडला — टाळ्या वाजवल्या त्यानं.

आमच्या गृहाला निराधारांनाच घ्यायची परवानगी होती. तेव्हा 'आईवडील नाहीत, सांभाळणारं कोणी नाही' असं मी लिहून दिलं आणि कमिटीनं माझ्या शब्दावर मान्य केलं. अधीक्षक खोटं कशाला लिहील?

काकूला मात्र आधी पंधरा दिवसांचं सांगितलं होतं. शिक्षण देतो, सवय लावतो, असं काहीतरी. पंधरा दिवसांनी ती न्यायला आली तेव्हा मी तिला ऑफिसात बसवलं, चहा पाजला आणि तिच्या सगळ्यात दुखऱ्या जागेवर बोट ठेवलं. अशा प्रत्येक आईचा एकच प्रश्न असतो. मी आजवर एकही आई अशी पाहिली नाही जिनं तो विचारला नाही. काकूनंही मला कितीदा विचारलेला — ''माह्या मागं याचं कोन रे परभ्या?'' मी म्हणालो, काकू, आता जागा मिळाली आहे ती जन्माची आहे. आज नेलंस तर उद्या तू नसताना त्याला कुणी घेणार नाही.

हे अर्धं खरं होतं. अर्धं खरं असलेलं खोटं फार टिकतं, नाही का?

ती म्हणाली, ''पण मी हाय तवरक तं घरी राहू दे न त्याले. मी मेल्यावर घेजो.''

इतकं साधं, इतकं बरोबर बोलली ती. कुठल्याही शहाण्या सरकारनं हेच करायला हवं — आई आहे तोवर आईला हात द्यायचा, आणि आई गेल्यावर दार उघडं ठेवायचं. आणि मी म्हणालो, ''काकू, त्याचा अंगठा सरकारकडं गेला आता. आता नेता येत नाही.''

तुम्हाला हसू येईल. पण काकूच्या जगात अंगठा म्हणजे काय होतं? नवऱ्याच्या वाटणीच्या कागदावर अंगठा दिला आणि शेत दिराकडं गेलं. रेशनच्या दुकानात अंगठा दिला की त्या महिन्याचं झालं, पुन्हा काही मागता येत नाही. अंगठा दिला म्हणजे वस्तू हातची गेली — आयुष्यभर तिनं हेच पाहिलेलं. मला ते माहीत होतं. बाहेरच्या कुणा साहेबाला हे सुचलंच नसतं; मी गावचा होतो म्हणून सुचलं.

''अंगठा देल्ला तं मंग झालं,'' ती म्हणाली. आणि उठली.

खरं काय होतं? खरं हे होतं की एका अर्जावर ती त्याला त्याच दिवशी घरी नेऊ शकत होती. कुणीही अडवू शकत नव्हतं. फक्त मग विचारलं गेलं असतं की आई जिवंत असताना तो निराधार कसा — आणि मी कुठं गेलो असतो?

ती दर रविवारी यायला लागली. बुलडाण्यात गाडी बदलून, घाट उतरून. सोबत तेलाची बाटली, फणी, आणि फडक्यात बांधलेली दशमी. नळाजवळच्या लिंबाखाली गजूला बसवायची, डोक्याला तेल घालायची. गजू कसा होता? खोटं बोलणार नाही. त्याला मारहाण नव्हती, जेवण वेळेवर होतं, कपडे स्वच्छ होते. आमचं गृह वाईट नाही. पण त्याला काम नव्हतं. ओझी उचलणारा माणूस खाटेवर बसून राहिला. त्याचे खांदे उतरले. तिथं कुणी त्याच्यासाठी पोरगी पाहत नव्हतं, त्यामुळे कुणाला 'हट् बे' म्हणायचं? तो शब्द हळूहळू गेलाच. राहिला एक — माय.

आता ते सांगतो, ज्याच्याभोवती इतका वेळ फिरतोय.

एका रविवारी न सांगता तपासणी आली. अमरावतीहून एक मॅडम. मी पाहिलेल्या अधिकाऱ्यांत त्या सगळ्यात चांगल्या. खुर्चीत बसल्या नाहीत, रजिस्टरं नंतर पाहू म्हणाल्या आणि थेट मुलांमध्ये गेल्या. एकेकाचा हात हातात घेऊन बोलत होत्या. मी मागं मागं. आणि लिंबाखाली काकू, गुडघ्यात गजूचं डोकं धरून, फणीनं भांग पाडत बसलेली.

मॅडमनी विचारलं, ''या कोण?''

त्या क्षणी मी काय विचार केला असं तुम्ही विचाराल. बाकीच्या मुलांच्या तोंडचा घास जाईल असा विचार केला — असं मी बरीच वर्षं स्वतःला सांगितलं. नाही. डोळ्यांपुढं माझी नोकरी होती. घराचं बांधकाम अर्धं झालेलं होतं, ते दिसलं. मुलं दिसली नाहीत.

मी म्हणालो, ''ती आमच्याकडे कामाला आहे. भांडी घासते.''

गजू हसत वर बघत होता. त्याला काय वाटलं कोण जाणे, त्यानं काकूच्या छातीवर हात ठेवला आणि मॅडमना ओळख करून दिली. ''माय. माय.''

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, ''तो सगळ्याच बायांना माय म्हणतो, मॅडम.''

झालं. हेच ते.

मी काकूकडे पाहिलं नाही, पण पाहिल्यासारखं सगळं दिसलं. तिनं फणी कमरेला खोचली. तेलाचे हात पदराला पुसले. उठली, मोरीकडे गेली, वरणाचं मोठं पातेलं ओढलं, राख घेतली आणि घासायला बसली. गजू तिच्या मागं जायला लागला तर तिनंच त्याला हातानं थांबवलं — ''बस तठी.'' मॅडम जाता जाता मोरीजवळ थांबल्या. म्हणाल्या, ''तुमच्यासारख्या बाया आहेत म्हणून हे चालतंय.'' काकू मान वर न करता म्हणाली, ''हाव बाई.''

मॅडम गेल्यावर मी मोरीशी गेलो. काय बोलणार होतो? काकूच बोलली. ''तुही नवकरी तं नाई न गेली रे?'' मी म्हणालो, नाही. ती म्हणाली, ''मले आंधी सांगतलं असतं तं सकाऊनच पातेल्याले बसली असती. तुह्या तोंडचं कसं पानी पळालं व्हतं, पाह्यलं मी.'' हसली. खरंच हसली हो. आणि मग, पातेलं पालथं घालता घालता, ''पुढच्या आइतवारी बी असंच याव लागीन का — साहेब?''

साहेब. त्या दिवसापासून मी तिचा परभ्या राहिलो नाही.

मी तेव्हा तरी बोलायचं होतं. 'काकू, घेऊन जा त्याला, माझं काय व्हायचं ते होवो.' एवढं एक वाक्य. मी म्हणालो, ''तसंच बरं राहील.''

आणि मग काकू दर रविवारी यायची आणि आधी भांडी घासायची. सगळ्या गृहाची. घासून झाली की गजूजवळ बसायची. तिला वाटायचं, हीच अट आहे. कुणी तिला पगार दिला नाही, तिनं मागितला नाही. आमची स्वयंपाकीण वच्छला थट्टा करायची, ''काकू, तुमचा हात लागला की पातेलं लाजते नव्या नवरीवानी!'' वच्छलाला सगळं ठाऊक होतं. तिनं मला कधी काही म्हटलं नाही. फक्त मी मोरीच्या बाजूनं गेलो की ती बोलायची थांबायची.

एकदा काकूनं हात धुता धुता विचारलं, ''साहेब, त्याचा अंगठा वापस भेटत नाई का कोठी?''

हे वाक्य मी लिहितोय खरा, पण अजून मला ते नीट ऐकवत नाही. मी म्हणालो, ''नाही काकू. मशीनमध्ये गेलं ते गेलं.''

करोना आला तेव्हा वरून आदेश आला — गेट बंद, बाहेरचं कोणी आत नको, कर्मचाऱ्यांनी आतच मुक्काम करायचा. आदेश बरोबर होता. त्यानं माणसं वाचली असतील. काकू कुणाच्या तरी भाजीच्या गाडीत बसून गेटपर्यंत आली. तोंडाला पदर बांधलेला. मी गेटच्या आत, ती बाहेर. म्हणाली, ''मी तं कामवालीच हाय न तुमची? मंग घ्या मले अंदर. राह्यतो इथंच, घासतो भांडे.''

पाहा — माझंच खोटं तिनं जपून ठेवलं होतं आणि वेळेला पुढं केलं होतं. मी काय म्हणालो? म्हणालो, ''तुमचं नाव कर्मचाऱ्यांत नाही, काकू.''

आईही नाही, कामवालीही नाही. ती थोडा वेळ गजांना धरून उभी राहिली. आतून गजू धावत आला तर काळजीवाहकानं त्याला कवेत धरून मागं नेलं, अंतर ठेवायचं म्हणून. मग ती पायी निघाली. पुढं कुठं गाडी मिळाली, मिळाली की नाही, मी विचारलं नाही.

दरम्यान गावात माझं नाव झालं होतं. 'प्रभाकररावानं गजूचं कल्याण केलं.' एका झेंडावंदनाला शाळेत शाल-नारळ देऊन माझा सत्कार झाला. काकू पहिल्या ओळीत बसून टाळ्या वाजवत होती. मी शाल घेतली. आहे अजून घरात.

काकू मागच्या उन्हाळ्यात गेली. गेट उघडल्यानंतर ती पुन्हा यायला लागली होती, पण पातेलं तिला उचलेना. चक्की तिनं आधीच विकून टाकली होती. गजूशिवाय डबे कोण उचलणार? एका दुपारी गावाहून फोन आला, ऊन लागलं, दवाखान्यात नेईपर्यंत राहिली नाही.

मी देऊळघाटला गेलो. एकटा.

गजूला नेलं नाही. आमच्यात मुलगा आईला अग्नी देतो, आणि मुलगा गजूसारखा असला तरी त्याचा हात धरून देववतात — इतकं कोणत्याही गावात करतात. पण देऊळघाटच्या स्मशानात उभं राहून आईला अग्नी देणारा माणूस निराधार कसा राहील? फोटो निघतील, कुणी कुठं टाकेल. मी जीपमध्ये बसलो तेव्हा गजू नळावर तोंड धूत होता. मी ड्रायव्हरला म्हणालो, चल.

दिराच्या मुलानं अग्नी दिला. तोच दीर, शेतवाला. कुणीतरी विचारलं, ''गजूले नाई आनलं का साहेब?'' मी म्हणालो, ''त्याला झेपणार नाही.'' सगळ्यांनी माना हलवल्या. साहेबाला जास्त कळतं. एक म्हातारा माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, ''तुमी व्हते म्हनून बुढी निवांत गेली.''

आता गजूला खरोखरच कोणी नाही. मी लिहून दिलं होतं ते खोटं होतं; वर्षं जाऊ दिली, आणि ते खरं झालं. आता चौकशी झाली तरी काही सापडणार नाही. कागद आणि माणूस दोन्ही जुळतात.

मी धोरणाला दोष देऊ शकतो. दिलाही आहे — कार्यशाळांमध्ये, चहाच्या टेबलावर, माझ्यासारख्याच अधीक्षकांबरोबर. आईजवळ राहणाऱ्याला मदत मिळाली असती तर, रिकाम्या खाटेचा दंड नसता तर, कमिटी वेळेवर बसली असती तर. हे सगळं बोलायलाच हवं, आणि मोठ्यानं. पण काकूला 'अंगठा गेला' असं सांगा, असा कुठलाही शासन निर्णय निघाला नव्हता. त्या मॅडमना खोटं सांगा, असं कुणी कळवलं नव्हतं. ते मी माझ्या तोंडानं बोललो. आणि नंतर किती रविवार होते माझ्याजवळ! प्रत्येक रविवारी ती समोर होती — राखेत हात घालून, दहा पावलांवर. मी ऑफिसच्या खिडकीचा पडदा ओढून घेत होतो.

गजू अजून रविवारी मोरीजवळ जाऊन बसतो. केस विस्कटलेले. वच्छलानं एकदा त्याच्या डोक्याला तेल लावायचा प्रयत्न केला, तर त्यानं तिचा हात बाजूला केला. माय म्हणाला नाही तिला. तो कधीच सगळ्या बायांना माय म्हणत नव्हता.

त्याची आई गेली, हे त्याला अजून कुणी सांगितलेलं नाही. ते मला सांगायचं आहे, माझ्या तोंडानं. आणि त्याच्यासमोर, वच्छलासमोर, सगळ्या मुलांसमोर मोरीजवळ उभं राहून मला म्हणायचं आहे की सुभद्राबाई आमच्याकडे कामाला नव्हती, ती गजूची आई होती, आणि ती त्याला कधीही घरी नेऊ शकत होती. हेच लिहून वरही द्यायचं आहे. अजून मी दोन्ही केलेलं नाही.